भागीदारी घेऊ, की मुंबई गाठू?

वाचकाचं पत्र

सर, मी सोलापूरच्या पूर्व भागात राहतो. वय २४, बी.कॉम. झालंय. वडील टॉवेलच्या कारखान्यात मागावर आहेत, आई घरी विड्या वळते. घरात तेलुगू, बाहेर मराठी. बारावीपासून एका फोटो स्टुडिओत मिक्सिंगला बसतो, आता तिथला मुख्य एडिटर मीच. लग्नसराईत रात्रीचे दोन वाजतात. मालक भला माणूस आहे. तो म्हणतो, तीन लाख घाल, नवा कॅमेरा आणि ड्रोन घेऊ, तुला धंद्यात चार आणे भागी देतो. वडील सोसायटीचं कर्ज काढायला तयार आहेत. पण मला सिनेमाचा एडिटर व्हायचंय. मुंबईत ओळखीचा एक जण म्हणतो, ये, असिस्टंट म्हणून बस, पहिले सहा महिने पैसे मात्र मागू नको. मित्र म्हणतात, तुझा स्पीड बघून कोणीही उचलेल. मामा म्हणतो, एडिटरचं नाव तरी कुणाला माहीत असतं का? पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचाही विचार येतो, पण आता वय गेलं असं वाटतं. भागीदारी घेऊ, की मुंबई गाठू?
– ‘मिक्सिंगवाला’, सोलापूर

उत्तर

तीन लाख घालू नकोस. आणि मुंबईत सहा महिने फुकटही बसू नकोस. तू दोनच वाटा धरून बसलायस, म्हणून आधी दोन्हींवर फुली मारतो, मग उरलेलं बोलू.

पैशाचं आधी, कारण तिथे घाई होतेय. ज्या कॅमेऱ्यासाठी आणि ड्रोनसाठी वडील कर्ज काढणार, ती तुझी हत्यारं नाहीत. तू शूट करत नाहीस, तू टेबलावर बसतोस. लग्नाच्या धंद्यात कॅमेरा दोन-तीन सीझनमध्ये जुना वाटायला लागतो, कारण समोरच्या दुकानात नवा आलेला असतो. हप्ता मात्र जुना होत नाही. तो एकदा चालू झाला की दर महिन्याच्या ठरल्या तारखेला सोलापुरात हजर राहणं आलं, आणि मग सिनेमाचं ‘पुढच्या वर्षी बघू’ होतं. शिवाय चार आणे म्हणजे कशातले चार आणे? आलेल्या पैशातले, की खर्च वजा जाता उरलेल्यातले? जुन्या कॅमेऱ्यांची किंमत कोणी धरली? मालक भला असेल, तू लिहितोस म्हणजे असणारच. भल्या माणसाबरोबरचा व्यवहारही स्टॅम्पपेपरवर असावा, आणि तुझ्या पत्रात कागदाचा उल्लेख नाही.

यात लग्नाच्या कामाला मी हलकं म्हणत नाही. तुला तेच आयुष्यभर करायचं असतं तर म्हटलं असतं, कागद नीट करून घे आणि घाल पैसे. सोलापूरसारख्या गावात त्यावर घर चालतं, बऱ्यापैकी चालतं. पण तू ते विचारलेलं नाहीस.

आता स्पीड. मित्र तुझ्या प्रेमापोटी बोलतात, पण स्पीड पाहून कोणी सिनेमाच्या टेबलावर बसवत नाही. तुझ्या कामातून तुला बरंच मिळालंय. तीन कॅमेऱ्यांचं आठ-दहा तासांचं फुटेज समोर पडलं तरी तुला घाम फुटत नाही. हार्ड डिस्क आवाज करायला लागली की काय करायचं ते तुला कळतं. नवरीची मावशी दिसलीच पाहिजे, ही फर्माईश आणि चार मिनिटांचा हायलाइट यांचा मेळ तू घालतोस. हे सगळं उपयोगाचं आहे. पण लग्नात गोष्टीचा क्रम तुला आयता मिळतो: हळद, अक्षता, सप्तपदी, पाठवणी. तो कोणी बदलत नाही. वर गाणं टाकलेलं असतं, आणि कट ठेक्यावर पडतो. तिथे कोणी वाईट अभिनय करत नाही, कारण कोणी अभिनय करतच नाही. आणि जे शूट केलं त्यातलं शक्य तितकं दाखवायचं असतं, नाहीतर पाहुण्यांत रुसवे होतात. सिनेमात उलटं. तिथे शूट झालेल्यातलं बहुतेक सगळं टाकून द्यावं लागतं, आणि ठेका कोणी देत नाही. नटाचा श्वास, पापणी, बोलण्याआधी तो थांबला ती जागा, यातून तो तुलाच शोधायचा असतो.

हे नुसतं सांगून कळायचं नाही. एक सीन घेऊन बघू, तुझ्याच भागातला. दहा बाय बाराची खोली. बायको मांडीवर सूप घेऊन विड्या वळतेय. नवरा कारखान्यातून आलाय, दारात चप्पल काढून तसाच उभा आहे. तो म्हणतो, “उद्यापासून येऊ नका म्हणालाय मालक.” ती म्हणते, “चहा टाकू?” झाला सीन. दिग्दर्शकानं चार गोष्टी शूट करून दिल्यात: दोघं दिसतात असा मास्टर, त्याचा क्लोज, तिचा क्लोज, आणि तिच्या हातांचा इन्सर्ट. प्रत्येकाचे चार-पाच टेक.

सरळ कापलंस तर असं होईल. तो बोलतो तेव्हा तो, ती बोलते तेव्हा ती. चुकीचं काहीच नाही. प्रेक्षकाला बातमी कळली, पुढे चला. आता दुसऱ्या तऱ्हेनं काप. तो “उद्यापासून” म्हणाला, तिथेच तिच्यावर जा. “येऊ नका म्हणालाय मालक” हे आपण तिचा चेहरा बघत ऐकतो. दोरा गुंडाळणारी बोटं अर्ध्यात थांबतात. तेच वाक्य, तोच नट, पण सीन आता बायकोचा झाला. तिसऱ्या तऱ्हेनं काप. त्यानं तोंड उघडण्याच्या आधीच तिच्यावर जा. ती पान वळतेय, तंबाखू दाबतेय. त्याचं सगळं वाक्य पडद्याबाहेरून येतं. तिचे हात थांबतच नाहीत. दोरा बांधते, विडी सुपात टाकते, आणि मग विचारते, “चहा टाकू?” म्हणजे तिला आधीच माहीत होतं. शेजारणीकडून कळलं असेल, त्याच्या पावलांवरून कळलं असेल. हे पटकथेत कुठेही लिहिलेलं नव्हतं. ते टेबलावर झालं.

आणि अजून टेक निवडायचा राहिलाय. समज, तिच्या क्लोजच्या दुसऱ्या टेकमध्ये तिची बोटं आपसूक थांबली, खरी थांबली, पण त्या क्षणी फोकस जरा हलला. चौथा टेक अगदी काचेसारखा, पण त्यात ती थांबायचं म्हणून थांबते. लग्नाचं काम करणारा हात डोळे झाकून चौथा उचलेल, कारण फोकस गेलेला शॉट ग्राहकाला दाखवायचा नसतो. मी दुसरा घेईन. कॅमेरामन रागावेल, दिग्दर्शक एक दिवस विचार करेल, आणि बहुतेक वेळा तोच राहील. मग प्रश्न येतो की तिच्या “चहा टाकू?” नंतर किती थांबायचं. सिनेमा सेकंदाला २४ फ्रेमचा. सहा फ्रेम म्हणजे पाव सेकंद. त्या पाव सेकंदात प्रश्न चहाचा राहतो, किंवा उद्या घरात चहापूड तरी असेल का, याचा होतो. ही पाव सेकंदाची भांडणं करण्यात तुझा दिवस गेला आणि संध्याकाळी उठताना तुला बरं वाटलं, तर हा धंदा तुझा. कंटाळा आला तर तसं आत्ताच कळलेलं बरं, आणि ते कळायला मुंबईचं भाडं भरायची गरज नाही.

या युक्तीला शंभरेक वर्षं झाली आहेत. रशियात लेव्ह कुलेशोव्ह नावाच्या दिग्दर्शकानं एका नटाचा एकच भावशून्य चेहरा कधी प्यायच्या सुपाच्या वाटीला, कधी शवपेटीला, कधी एका बाईला जोडून दाखवला. प्रेक्षकांना त्या एकाच चेहऱ्यावर भूक, दुःख आणि ओढ दिसली, असं सांगतात. आपल्याकडच्या मालिकांमध्ये सासूचा चेहरा तीनदा दाखवतात, तो याच शोधाचा दूरचा आणि थोडा बिघडलेला नातू.

तर तुझं पहिलं काम सोलापुरातच आहे. आषाढीनंतर मुहूर्त संपतात, तुळशीच्या लग्नापर्यंत स्टुडिओत माशा मारायच्या असतात आणि मालकाचा कॅमेरा बॅगेत पडून असतो. तो माग. हुतात्मा स्मृती मंदिरात प्रयोग करणाऱ्या, राज्य नाट्य स्पर्धेला उतरणाऱ्या हौशी मंडळींपैकी दोघांना धर. गावात नट चांगले आहेत, कॅमेऱ्यासमोर उभं राहायची संधी त्यांनाही हवीच असते. वर सांगितला तसला दोन पानांचा सीन कोणाकडून तरी लिहून घे, शक्यतो तू लिहू नकोस आणि शूटही करू नकोस. एडिटरला दुसऱ्याचं आलेलं साहित्य हाताळायचं असतं, त्यात जे हवं होतं ते नसतं, आणि नसलेलं लपवायचं असतं. आवाज वेगळा रेकॉर्ड कर, प्रत्येक टेकला टाळी वाजव, म्हणजे सिंक करायला, आवाज चित्राशी जुळवायला, शिकशील. मग तो सीन तीन तऱ्हांनी काप. संगीत नाही, स्लो मोशन नाही, डिझॉल्व्ह, म्हणजे एक दृश्य दुसऱ्यात विरघळवणं, नाही. हे तीन नियम तुला उपवासासारखे वाटतील, कारण लग्नाच्या व्हिडिओत सगळी पोकळी याच तीन गोष्टींनी भरतात. कापलेलं चार जणांना दाखवताना पडद्याकडे बघू नकोस, त्यांच्याकडे बघ. मोबाइलकडे हात कुठे गेला ते लिहून ठेव.

दुसरं काम कारखान्यात कर. वडिलांच्या एका पाळीवर सहा मिनिटांची फिल्म. मालकाची परवानगी लागेल, ती वडिलांनाच काढू दे. मुद्दाम हे सांगतोय, कारण मागाचा खटखटाट इतका असतो की शेडमध्ये संवाद रेकॉर्ड होतच नाही. वडिलांचं बोलणं घरी, रात्री, पंखा बंद करून घ्यावं लागेल, आणि ते मागाच्या दृश्यांवर बसवावं लागेल. मग पहिला प्रश्न उभा राहील: त्यांचा आवाज आला की मागाचा आवाज किती खाली न्यायचा? अजिबात बंद केलास तर खोटं वाटतं. आवाज चित्राच्या आधी आणायचा की नंतर, मागाच्या ठेक्यावर कापायचं की मुद्दाम ठेका चुकवायचा, हे सगळं त्या सहा मिनिटांत शिकशील. सिद्धेश्वर यात्रेचे नंदीध्वज ड्रोनवरून सगळ्यांनी घेतलेत. ते नको.

सॉफ्टवेअरवर फार वेळ घालवू नकोस. लग्नाच्या स्टुडिओत बहुतेक ईडीयस किंवा प्रीमियर असतं. सिनेमाच्या टेबलावर अॅव्हिड किंवा प्रीमियर भेटेल, रंगाच्या कामाला दा विंची. दा विंची रिझॉल्व्हची फुकट आवृत्ती उतरवून घे, या दोन्ही फिल्म तिच्यात पूर्ण होतील. अॅव्हिड सुरुवातीला मुद्दाम त्रास देतंय असं वाटतं, महिनाभरात बोटं वळतात. ज्याला एक येतं त्याला दुसरं येतं.

आता मुंबईचा असिस्टंट म्हणजे काय ते ऐक, कारण ‘ये, बस’ यात काहीच कळत नाही. शूटिंगहून कॅमेऱ्याची मेमरी कार्ड येतात. ती दोन, शक्य तर तीन ठिकाणी उतरवायची, सगळं नीट उतरलं याची खात्री सॉफ्टवेअरनं करून घ्यायची, आणि तोपर्यंत कार्ड कोणालाही पुसू द्यायचं नाही, निर्मात्याचा भाचा मागायला आला तरी. हलक्या फाइली म्हणजे प्रॉक्सी बनवायच्या. आवाज आणि चित्र सिंक करायचं. सीननुसार बिन, म्हणजे फाइलींचे कप्पे, लावायच्या. सेटवरून कंटिन्युइटीचे कागद येतात, त्यावर दिग्दर्शकानं कोणता टेक ओके केला ते असतं, ते नोंदवायचं. एडिटरनं “ती मागे वळते तो टेक” म्हटलं की दहा सेकंदांत तो समोर हवा. पिक्चर लॉक झालं, म्हणजे कट पक्का ठरला, की आवाजाच्या लोकांना एएएफ फाइल द्यायची, डीआयला, म्हणजे रंगाच्या कामाला, ईडीएल किंवा एक्सएमएल ही कटांच्या यादीची फाइल, आणि व्हीएफएक्सला, म्हणजे संगणकावरच्या दृश्यांच्या करामतीला, शॉटांची यादी. लॉक झाल्यावर दिग्दर्शकानं गुपचूप दोन सेकंद काढले, तर या तिन्ही ठिकाणी बदल कळवायची जबाबदारी असिस्टंटची. कापायला या सगळ्यात कुठेच मिळत नाही. ते हळूहळू मिळतं: आधी एखादा मोंटाज, म्हणजे छोट्या शॉटांची माळ, मग गर्दीचा सीन, मग एडिटर जेवायला गेलेला असताना एक खरा सीन.

म्हणून मी नवा असिस्टंट घेताना शोरील, म्हणजे निवडक कामाचा नमुना, सगळ्यात शेवटी बघतो. आधी त्याला त्याचा एखादा प्रोजेक्ट उघडायला सांगतो. आत ‘फायनल’, ‘फायनल नवीन’, ‘फायनल लास्ट’, ‘फायनल लास्ट खरा’ अशा टाइमलाइन दिसल्या की चहा पाजून पाठवतो. नावात तारीख आहे, सीन नंबर आहे, जुना कट जपून ठेवलाय, तर पुढे बोलतो. तुझा स्टुडिओतला प्रोजेक्ट आज उघडून बघ कसा दिसतो. हे तू आजपासून सुधारू शकतोस आणि त्याला एक रुपया लागत नाही.

सहा महिने फुकट का नको? आठवडाभर बसून बघणं ठीक आहे, त्यात तूही त्यांना बघतोस. पण डेटा सांभाळणारा, रात्री जागणारा माणूस लागतो म्हणून बोलवायचं आणि त्याला शिकवणं म्हणायचं, हा जुना प्रकार आहे. त्या ओळखीच्याला तीन गोष्टी विचार. एडिटर कोण? काम कोणतं, आणि ते खरंच शूट झालंय का? टायटलमध्ये नाव कुठे आणि काय म्हणून जाणार? चौथी गोष्ट न लाजता, राहण्या-जेवण्याइतकं मानधन. उत्तर टाळलं तर सिद्धेश्वर एक्स्प्रेसचं तिकीट काढू नकोस. मुंबईत असोसिएशन ऑफ फिल्म अँड व्हिडिओ एडिटर्स ही एडिटरांची संघटना आहे, पश्चिम भारतातल्या सिनेकामगारांच्या फेडरेशनखाली येते. काम सुरू झालं की तिथे सभासदत्वाची चौकशी कर. कार्डानं काम मिळत नाही, पण पैसे बुडाले तर जायला एक दार असतं.

मालिकेत काम मिळालं तर घे. रोज बावीसेक मिनिटांचा एपिसोड द्यायचा असतो, संवादांचे सीन ढिगानं येतात, हात बसतो. पण वर्षभरच. त्यापुढे सासू तीनदा वळायला लागते, मग तुला ते खटकेनासं होतं.

फिल्म इन्स्टिट्यूटचं वय गेलं हे कोणी सांगितलं? १९६० साली प्रभात स्टुडिओच्या जागेत ती संस्था सुरू झाली. एडिटिंगचा अभ्यासक्रम तीन वर्षांचा, पदवीनंतरचा. कुठल्याही शाखेचा पदवीधर चालतो, तू बी.कॉम. आहेस, म्हणजे बसू शकतोस. लेखी परीक्षा असते, मग मुलाखत वगैरे. दर वर्षीची जाहिरात संस्थेच्या संकेतस्थळावर येते, फीचा आणि शिष्यवृत्तीचा हिशेब तिथूनच बघ, ऐकीव आकड्यांवर जाऊ नकोस. कोलकात्याला सत्यजित राय यांच्या नावाची अशीच सरकारी संस्था १९९५ पासून आहे, तिथेही एडिटिंग शिकवतात. या संस्थांचा मोठा फायदा शिक्षकांपेक्षा सोबत्यांचा. तुझ्या वर्गात जो दिग्दर्शन शिकतो, तोच पुढे त्याचा पहिला सिनेमा तुला देतो. राजकुमार हिरानी नागपूरहून पुण्याच्या संस्थेत एडिटिंग शिकायला गेले, जाहिराती कापल्या, सिनेमे कापले, दिग्दर्शक झाले ते नंतर. हृषीकेश मुखर्जी तर बिमल रॉय यांचे एडिटर होते. तुझ्या मामाला ही दोन नावं सांग. आणि रेणू सलुजांचं सांग. त्या याच संस्थेत शिकल्या, एडिटिंगचे चार राष्ट्रीय पुरस्कार मिळवले, २००० साली अकाली गेल्या. पण मामाचं म्हणणं खोटं नाही हेही ऐक. एडिटरचं नाव गल्लीत कोणाला माहीत नसतं, आणि तुला गल्लीत ओळख हवी असेल तर हा धंदा सोड. दिग्दर्शकांना आणि निर्मात्यांना माहीत असलं की भागतं, काम तेच देतात.

परीक्षेला बस. पण तेवढ्यावर गाडी लावू नकोस, जागा फार थोड्या असतात.

आता जे तू विचारलंच नाहीस ते. पत्रात एक ओळ सहज लिहून गेलास, ‘घरात तेलुगू’. अरे, सोलापूरहून पुणं अडीचशे किलोमीटर, तर हैदराबाद तीनशेच्या आसपास. सरळ हायवे, रेल्वे आहे, तुझ्या घरातले निम्मे पाहुणे बहुधा तिकडेच असतील. तेलुगू सिनेमाचा पसारा मराठीच्या कितीतरी पट मोठा, आणि तिथे एडिट रूम भरपूर. मुंबईत तू आणखी एक मराठी मुलगा. तेलुगू, मराठी, हिंदी तिन्ही कानाला येणारा असिस्टंट मात्र कुठेही सहज मिळत नाही. आता एकेक सिनेमा चार-पाच भाषांत निघतो, आणि ज्याला वाक्य कुठे संपलं ते कळत नाही तो संवादावर नीट कट मारू शकत नाही. अक्किनेनी श्रीकर प्रसाद यांचं उदाहरण घे. तेलुगू घरातला माणूस, वडील एडिटर, त्यांच्याच हाताखाली सुरुवात, आणि पुढे डझनाहून जास्त भारतीय भाषांतले सिनेमे कापले. पूर्व भागातल्या मुलांना तेलुगू बोलता येतं, वाचता येतंच असं नाही. तुला येत नसेल तर याच चातुर्मासात लिपी शिक. असिस्टंटला पटकथा आणि कंटिन्युइटीचे कागद वाचावे लागतात, तिथे बोली पुरत नाही. मी तुझ्या जागी असतो तर मुंबईच्या आधी हैदराबादला आठ दिवस जाऊन आलो असतो. नातेवाइकाकडे राहून, दोन-चार एडिट रूमचे पत्ते घेऊन.

मराठीचा रस्ता बंद आहे असं नाही. तुझ्याच जिल्ह्यातल्या जेऊरच्या नागराज मंजुळेंनी करमाळ्याच्या रानात शूट केलेल्या ‘सैराट’नं २०१६ साली काय केलं ते तू थिएटरात उभा राहून बघितलं असशील. पण मराठीत पैसा कमी आणि उशिरा. कुठेही गेलास तरी एडिटरचा मोबदला टप्प्याटप्प्यानं ठरव: सुरुवातीला काही, रफ कटला, म्हणजे पहिल्या कच्च्या जोडणीला, काही, लॉकला काही. ‘रिलीजनंतर’ असा हप्ता शक्यतो ठेवूच नकोस. ठरलेलं सगळं ईमेलवर असू दे, फोनवर नको. किती वेळा बदल करून देणार तेही लिही. लग्नाच्या ग्राहकांनी तुला हे एव्हाना शिकवलंच असेल.

एआयची भीती तू लिहिली नाहीस, पण डोक्यात असणार. आपोआप सिंक करणं, बोललेल्याचं लिखाण काढणं, गाण्याच्या ठेक्यावर हायलाइट बनवणं ही कामं यंत्राकडे चाललीच आहेत. बारकाईनं बघ, यातलं शेवटचं काम म्हणजे तुझ्या स्टुडिओची आजची कमाई आहे. तीन लाख घालण्याआधी हेही मोज.

राहता राहिले मालक आणि वडील. मालकाला ‘नाही’ म्हणताना दुसरी गोष्ट पुढे ठेव. भागीदारी नको, नगावर पैसे द्या. एका लग्नाचा अमुक दर, डेटा हार्ड डिस्कवर द्या, मी कुठेही असलो तरी ठरल्या तारखेला कापून पाठवतो. आणि जाण्याआधी दुकानातला एक पोरगा तयार करून देतो. मालकालाही हे परवडतं, त्याला लग्नं थांबून चालत नाहीत. हैदराबाद असो की मुंबई, पहिल्या वर्षाचं खोलीभाडं तुला या लग्नांतून निघेल. मात्र महिन्याला दोन-तीनच घे. दिवसभर एडिट रूम आणि रात्रभर पाठवण्या असं चार महिने केलंस तर डोळे आणि पाठ दोन्ही जातील. चांगल्या खुर्चीवर मात्र खुशाल पैसे घाल, ड्रोनपेक्षा ती स्वस्त पडते.

वडिलांशी बोलताना सिनेमाची मोठी नावं काढू नकोस. ज्यांनी उभं आयुष्य मागावर काढलं त्यांना हिशेब लगेच कळतो. त्यांना सांग, कर्ज काढायचं नाहीये, नगावरचं काम चालू राहणार आहे, घरी अमुक रुपये येत राहतील, आणि दोन वर्षांनी पुन्हा बसून बघू. दोन वर्षांची मुदत खरीच ठेव. तोपर्यंत कोणाच्या तरी सिनेमात निदान एक पूर्ण सीन तू कापलेला नसेल, तर मालकाकडे परत जा. त्या वेळीही स्टॅम्पपेपर घेऊनच जा.

आणि तो विड्यांचा सीन झाला की तिन्ही कट या सदराच्या पत्त्यावर पाठव. नुसते तयार व्हिडिओ नकोत, आख्खा प्रोजेक्ट पाठव. बिनांची नावं मी आधी बघणार आहे.